सुतळ्याच्या सहा काती

९ जानेवारी

प्रिय शंकासुरा,

सोबत कात क्रमांक सहा. नमुन्याबरोबर हाताने लिहिलेलं पत्र हवं हा तुमच्या संग्रहालयाचा नियम मला मनापासून आवडतो. इथे फोन लागायचा म्हणजे पाण्याच्या टाकीवर चढावं लागतं, आणि माझे गुडघे आता टाकीच्या बाजूचे राहिलेले नाहीत.

कात परवा सकाळी सापडली. माळाच्या खंड सातमध्ये, जुन्या दगडी बांधाच्या कडेला. लांबी न ताणता एक्केचाळीस सेंटीमीटर. तोंडाकडचं टोक गवताच्या बुंध्यात अडकलेलं, शेपटीचं उगवतीकडे. तुला ठाऊक आहेच, पण सव्वीस वर्षं जीवशास्त्र शिकवल्याची खोड जात नाही: साप ओठांपासून सुरुवात करून कात पायमोज्यासारखी उलटी करत बाहेर पडतो, म्हणून शेपटीचं टोक ज्या दिशेला, त्या दिशेला तो गेलेला असतो. हा उगवतीकडे गेला. तिकडे पन्नास पावलांवर माळावर गोदामं बांधायला निघालेल्यांनी चुन्याची रेघ मारून ठेवली आहे. त्याला कोणी सांगितलेलं दिसत नाही.

मला इथे येऊन वर्ष होत आलं आणि जिवंत सुतळ्या मी अजून पाहिलेला नाही. दिवसा तो जमिनीच्या भेगांत असतो. सूर्य बुडाल्यावर माती निवते पण दगड अजून ऊन धरून असतात, तेवढाच काय तो त्याचा दिवस. चांदणं पडलं तर तेही नाही. करंगळीपेक्षा बारीक, वाळल्या गवताच्या रंगाचा. तुमच्या संग्रहालयातल्या बरणीतला एकसष्ट वर्षांपूर्वीचा सोडला, तर ‘मी हा साप पाहिला’ असं म्हणणारं माणूस मला भेटलेलं नाही. मी तरी अजून त्याच्या जुन्या कपड्यांवरूनच ओळख ठेवून आहे.

बायकोला आशीर्वाद.

ताई

*

१९ जानेवारी

प्रिय ताई,

पार्सल मिळालं. नोव्हेंबरात गोदामांना परवानगी द्यायची की नाही ते ठरवणाऱ्या समितीकडे मी जो अंतरिम तक्ता पाठवला त्यात पाच साप दाखवले होते. किमान पाच असले की जागा ‘वस्तीची’ ठरते आणि माळाला कोणी हात लावू शकत नाही, हा नियम. म्हणजे आपण अगदी काठावर होतो. आता सहा झाले. पंधरा मार्चच्या बैठकीआधी अंतिम अहवालावर माझी सही लागेल, म्हणून काही गोष्टी विचारून घेतो. राग मानू नकोस.

थंडीत हे साप निजलेले असतात. खात नाहीत, वाढत नाहीत, मग कात टाकतील कशाला? तरी तुझी कात जानेवारीची. दुसरं, पहिली सोडून पाचही काती मी भिंगाखाली घातल्या. त्यांना ना कुसळ चिकटलेलं, ना मातीचा कण. माळावर पडलेली वस्तू इतकी स्वच्छ कशी? आणि भांडाराच्या यादीत तुझ्या नावावर ऑगस्टमध्ये दोन फुटी काचेची पेटी गेली आहे, वर जाळीचं झाकण. ती कशासाठी?

हे विचारताना मला बरं वाटत नाही. पण माळाच्या पाहणीसाठी तुझं नाव मी सुचवलं तेव्हा साहेबांनी विचारलं होतं, ‘नात्यातल्या आहेत का?’ मी म्हणालो, ‘मावसबहीण आहे, पण कामाला पक्की आहे.’ तो ‘पण’ तेव्हापासून माझ्या खिशात आहे.

तुझा,
भाऊ

*

२८ जानेवारी

प्रिय शंकासुरा,

तुझं पत्र वाचताना मला मी परीक्षेला बसले आहे असं वाटलं, आणि तेही मागच्या बाकावर.

कात जानेवारीत ‘सापडली’ असं मी लिहिलं आहे. ‘टाकली’ असं लिहिलेलं नाही. ती पिवळी पडली होती आणि एका बाजूने मुंग्यांनी कुरतडली होती. माझ्या अंदाजाने दोन-अडीच महिन्यांची. स्वच्छतेचं म्हणशील तर मी कात कोमट पाण्यात भिजवते, उलटी असते ती सुलट करते, कुसळं चिमट्याने काढते आणि टिपकागदावर वाळवते. कुसळासकट पाठवली तर पोस्टात तिची चाळण होते. पहिली कात तुला तशीच मिळाली होती, आठवतं? तूच लिहिलं होतंस, ‘जाळी मिळाली, साप कुठे आहे?’

बांधाकडच्या सपाट दगडांखाली सापसुरळीच्या अंड्यांची कवचं मिळतात. पिल्लू आतून बाहेर येतं तेव्हा कवच वेडंवाकडं फाटतं. सुतळ्याने खाल्लेल्या अंड्याला मात्र पात्याने मारावी तशी सरळ चीर असते. त्याचे मागचे दात त्यासाठीच आहेत. चीर पाडायची, तोंड आत घालायचं आणि अंडं पिऊन टाकायचं. कवच तिथेच, जणू काही झालंच नाही. इतका नीटस चोर मी पाहिला नाही.

दमा कसा आहे तुझा? स्पिरिटच्या बरण्यांत बसून बसून तूही एक दिवस नमुना होशील.

ताई

*

६ फेब्रुवारी

आदरणीय घरमालकीणबाईंस,

सप्रेम नमस्कार. माझी मावसबहीण आपल्याकडे वरच्या खोलीत भाड्याने राहते. आपली ओळख नसताना लिहितो आहे याबद्दल क्षमस्व. तिच्या खोलीत काचेची एक पेटी आहे. त्या पेटीत ती एखादा प्राणी पाळते काय, हे कृपया तिच्या नकळत मला कळवावे. काळजीपोटी विचारतो आहे, दुसरा हेतू नाही. उत्तरासाठी पत्ता लिहिलेलं पाकीट सोबत जोडलं आहे.

आपला नम्र

*

१३ फेब्रुवारी

काल संध्याकाळी मी बूट चढवत होते तेवढ्यात घरमालकीणबाई वर आल्या. हातात पाकीट.

‘तुमच्या भावाचं पत्र आलंय मला. का लिहिलंय देव जाणे. चष्म्याची काडी मोडलीय, जरा वाचून दाखवा.’

मी वाचलं. मोठ्याने, स्वल्पविराम सांभाळून. ‘तिच्या नकळत मला कळवावे’ हेही वाचलं. बाई शांतपणे ऐकत होत्या.

‘मग काय कळवू?’ त्यांनी विचारलं.

‘तुम्हाला वाटेल ते कळवा.’

‘मला वाटतं ते मी तोंडावर सांगते हो. वास नाही, आवाज नाही, भाडं वेळेवर. दिवेलागणीला बाहेर पडता आणि दोन-तीन तासांनी गवत लावून परत येता. पहिले काही दिवस मलाही तुमचा संशय होता.’

‘कसला?’

‘सापाचा नक्कीच नव्हता.’

हसले मी. नंतर नाही हसले.

पेटीवरचं फडकं मी त्यांच्यासमोर काढलं. आत वाळू आणि कवचं. ऑगस्टमध्ये सापसुरळीची नऊ अंडी आणून ठेवली होती, पिल्लू फाडून निघतं ती चीर आणि सापाने मारलेली चीर शेजारी ठेवून बघायला. सात फुटली. पिल्लं ज्या दगडाखालची होती त्याच दगडाखाली सोडली. तुझ्या परवानगीपत्रात ‘फक्त काती’ असं आहे, जिवंत काही घरात आणायचं नाही, म्हणून तुला कळवलं नव्हतं. ही माझी लपवाछपवी. तिची शिक्षा दे. पण मला विचारायचं सोडून माझ्या घरमालकिणीला विचारलंस? साप साप म्हणून भुई धोपटतात तसं. आणि भुई म्हणजे मी.

बाईंनी उत्तराचं पाकीट मलाच देऊन टाकलं. तिकीट वाया जायला नको म्हणून त्यावर माझ्या धाकट्या जावेचा पत्ता चिकटवला.

ताई

*

२० फेब्रुवारी

प्रिय ताई,

घरमालकीणबाईंना लिहिलं ते चूक होतं. पाकिटावर तिकीट लावतानाच मला ते कळत होतं, आणि तरी मी लावलं. त्या रात्री डायरीत लिहिलं, ‘काळजीपोटी हा शब्द खोटा आहे.’ त्यामुळे माफी मागतो. पण शंका मागे घेत नाही, कारण आता माझ्याकडे नुसती शंका नाही.

गेले आठ दिवस दुपारच्या सुट्टीत मी दार लावून बसतो आहे. काचेखाली दिवा ठेवून त्यावर कात पसरायची आणि पोटावरचे खवले टाचणीच्या टोकाने मोजत जायचे. तूच मला शिकवलं होतंस: पोटावरचे खवले जन्मतः जितके, तितकेच मरेपर्यंत. साप लांबीने वाढतो, हा आकडा वाढत नाही. बरणीतल्या जुन्या सुतळ्याचे एकशे श्याऐंशी आहेत. तुझ्या पहिल्या कातीचे एकशे त्र्याण्णव. दुसरीचेही तेवढेच. सहाही कातींचे एकशे त्र्याण्णव. प्रत्येक कात तीनदा मोजली. शिवाय सहाही कातींवर अठ्ठ्याऐंशीवा खवला डाव्या बाजूला अर्धाच आहे. दोन माणसांच्या बोटांचे ठसे एक निघावेत, असं हे झालं.

म्हणजे साप एकच आहे.

एकाच सापाच्या सहा काती अकरा महिन्यांत, सगळ्या मोजता येण्याइतक्या धड, पहिली सोडून सगळ्या धुतलेल्या. माळावर इतक्या नेमाने एकाच सापाची कात सापडत नाही, पेटीत सापडते. घरमालकीणबाईंना तू रिकामी पेटी दाखवलीस. रिकामी पेटी म्हणजे आत काही नव्हतं असं नाही, त्या वेळी नव्हतं एवढंच.

माळ वाचावा असं मलाही वाटतं. म्हणूनच मला भीती वाटते, की तुलाही तसं फार वाटत असेल. तू साप पाळून त्याच्या काती माळावरच्या म्हणून पाठवल्यास का? हो किंवा नाही, एवढंच लिही.

तुझा,
भाऊ

*

२७ फेब्रुवारी

नाही.

एवढंच लिहून पाकीट बंद केलं होतं. परत उघडलं.

तुझी मोजणी बरोबर आहे. एकशे त्र्याण्णव. मी तिसऱ्या कातीलाच मोजून पाहिलं होतं, आणि तो अर्धा खवला तर मला आता घरच्या माणसाच्या तिळासारखा ओळखीचा आहे. साप एकच. त्याचा जीव त्या बांधात अडकलेला आहे. सहाशे पावलं लांब आणि पाण्याच्या चरापर्यंत रुंद एवढ्या पट्ट्यातच तो फिरतो. मी रोज तोच पट्टा वाकून बघत चालते, म्हणून त्याच्या काती मला मिळतात. तुझ्या कुठल्याही शिपायाला लाव, वर्षभर एकाच बांधावर चालायची तयारी असली तर त्यालाही मिळतील.

आता तुझ्या कपाटातून माझी सहा सोबतपत्रं काढ. तुला मोजायचा नाद आहेच, तर त्यात मी ‘साप’ किती सांगितलेत तेही मोज. मी सहा काती पाठवल्या, शंकासुरा. त्यांचे साप तू केलेस.

नोव्हेंबरात तुझ्या तक्त्याची प्रत आली. ‘संख्या: पाच.’ मी तो कागद तीन दिवस टेबलावर ठेवला, मग खणात ठेवला. तुला कळवायला हवं होतं. पाच म्हणजे माळ राहतो, एवढंच मला दिसत होतं. तू चुकून लिहिलंस, मी कळून गप्प बसले. यातलं वजनदार कुठलं ते मला सांगावं लागत नाही. नोव्हेंबरपासून मला धड झोप नाही, आणि मी तुला विनोद लिहून पाठवते आहे.

आणखी एक. डिसेंबरात मला एक सातवी कात मिळाली. तिचे खवले एकशे एकोणऐंशी, म्हणजे दुसरा साप. ती कापलेल्या गवताच्या पेंढीत होती, आणि पेंढी आपल्या माळाची की पलीकडची ते कापणाऱ्यांनाच सांगता येईना. पाठवली असती तर तू खूश झाला असतास. ती माझ्या वहीत टाचून ठेवली आहे. जागा माहीत नाही, म्हणून पाठवली नाही.

माझ्याही मनात एक शंका आहे, ती लिहून टाकते. तुझे साहेब पुढच्या वर्षी निवृत्त होतात. गोदामं झाली तर त्यांच्यावर वरचे लोक खूश, आणि त्यांची खुर्ची कोणाला द्यायची ते त्यांच्या शब्दावर. तू ज्या जोमाने मोजायला बसलास, तो जोम कुठून आला?

ताई

*

५ मार्च

प्रिय ताई,

पत्रं काढली. सहाही पत्रांत ‘कात’ आहे. साप किती, ते एकाही पत्रात नाही.

चूक कशी झाली ते लिहितो, कारण ती मूर्खपणाची आहे आणि मला ती नीट पाहायची आहे. आमच्या आवक वहीचा नमुना छापील आहे. नमुन्याचं नाव, ठिकाण, तारीख, संख्या, आणि पुढे आणखी एक-दोन रकाने. प्रत्येक नमुन्यापुढे संख्येत ‘एक’ लिहायचा आणि वर्षअखेर त्या रकान्याची बेरीज करायची. बरणीतल्या बेडकाला हे चालतं, कारण एक बेडूक एकदाच बरणीत जातो. कात टाकून साप पुढे निघून जातो आणि पुन्हा टाकतो, हे मला माहीत नव्हतं असं कसं म्हणू? एकोणीस वर्षं मी बेरीज केली आणि बेरजेवर कधी शंका घेतली नाही. तुझ्यावर घेतली. काखेत कळसा आणि तुझ्या घरमालकिणीपर्यंत वळसा.

तुझ्या शंकेचं उत्तर: खुर्चीचा विचार माझ्या मनात आला होता. मोजायला बसण्याआधी नाही, मोजत असताना. एकशे त्र्याण्णव तिसऱ्यांदा आलं तेव्हा वाटलं, हे साहेबांना आवडेल. मी टाचणी खाली ठेवली, पाणी पिऊन आलो आणि पुन्हा पहिल्यापासून मोजलं. याने मी निर्दोष ठरतो का, मला कळत नाही.

काल दुरुस्तीपत्र घेऊन साहेबांकडे गेलो. त्यांनी वाचलं आणि चष्मा कपाळावर ढकलला.

‘पाचाचा एक? मधले चार कुठे पळाले?’

‘ते कधी नव्हतेच.’

‘मग तेव्हा कोणाला दिसले?’

‘मला.’

ते म्हणाले, ‘तुझ्या बहिणीचाच माळ तू घालवतोयस, कळतंय ना?’ मी हो म्हणालो. पत्र गेलं. बायकोला सगळं सांगितलं तर ती म्हणाली, ‘तुम्ही दोघं एकमेकांवर संशय घेत बसा, साप तेवढ्यात म्हातारा होईल.’

तू रागावली असशील. मी असतो तर रागावलो असतो.

तुझा,
भाऊ

*

२२ मार्च

प्रिय भाऊ,

रागावले होते. आठवडाभर. मग लक्षात आलं, नोव्हेंबरनंतर पहिल्यांदा मला झोप लागते आहे. सकाळी बाई दार वाजवून विचारतात, ‘बरं नाही का?’

समितीचा आदेश आला, तुलाही प्रत आली असेल. एक साप म्हणजे वस्ती नव्हे, तेव्हा तो हलवता येईल. एकवीस मार्चपासून चाळीस दिवसांत निरीक्षकाने, म्हणजे मी, तो पकडून समितीच्या ताब्यात द्यायचा. पकडला तर माळ मोकळा. चाळीस दिवसांत दिसलाच नाही, तरीही माळ रिकामा समजून मोकळा. आणि तिसरं कलम: साप दिसला पण हाती आला नाही, तर काम पावसाळ्याअखेरपर्यंत थांबवून पाहणी नव्याने करायची, पलीकडच्या माळासकट (पेंढीतल्या सातव्या कातीचं तू दुरुस्तीपत्रात घातलेलं दिसतं).

हे तिसरं कलम वाचून माझ्या मनात काय आलं ते तुझ्याही मनात आलंच असणार. एका ओळीचं पत्र लिहायचं, ‘दिसला, निसटला’, की झालं. कात नको, खवले नकोत, पुरावा नको. हे मी तुला आधीच लिहून ठेवते आहे, म्हणजे पुढे तसं पत्र आलं तर तुला माझी पारख नीट करता येईल.

कापडी पिशवी शिवून घेतली आहे. लाल कागद लावलेली बॅटरी आहे. रोज जाते.

ताई

*

२७ एप्रिल

प्रिय भाऊ,

हे पत्र कुरिअरने पाठवते आहे, परवाच्या आत तुला मिळायला हवं. आज अडतिसावा दिवस.

आज संध्याकाळी पावणेआठच्या सुमारास मी सुतळ्या पाहिला.

खंड सात, बांधाच्या मावळतीकडे, पाण्याच्या चरापासून वीसेक पावलांवर. मी एका दगडावर हात ठेवून तो अजून गरम आहे का ते बघत होते. दोन हातांवर गवताची एक काडी हलली आणि बाकीच्या हलल्या नाहीत. बॅटरी लावली. मी समजत होते त्याहून तो फिका आहे. मानेवर पुसट आडव्या रेघा आहेत, त्या कातीत दिसत नाहीत आणि तुमच्या बरणीत स्पिरिटने कधीच्याच घालवल्या आहेत. तो घाईत नव्हता. सपाट दगडाच्या फटीत डोकं घातलं, अंग तसंच बाहेर. थोड्या वेळाने मानेच्या मागे एक फुगवटा सरकत आला, मग नाहीसा झाला. तो बाहेर आला तेव्हा जबड्याला काहीतरी ओलं चकाकत होतं. ते तो गवताच्या बुंध्यावर घासून पुसत होता, एकदा या गालाने, एकदा त्या. मी सहा मिनिटं पाहिला. मग भेगेत गेला.

आता जे लिहायला नको आहे ते. पिशवी माझ्या डाव्या हातात होती. तो मला पकडता आला असता. हात पुढे केला होता, आणि मागे घेतला. आदेशात ‘हाती आला नाही’ असं आहे. माझ्या बाबतीत ते पूर्ण खरं नाही, आणि पूर्ण खोटंही नाही. तुझ्या समितीने यावर मला काढून टाकलं तर मी भांडणार नाही.

आणि हा तोच का, ते मला सांगता येत नाही. जागा बघता तोच असावा. पोट बघायला तो उचलावा लागला असता. दुसरा आहे असं लिहिलं तर माळाच्या दृष्टीने फार बरं होईल हे मला कळतं. मला माहीत नाही.

चित्र काढलं नाही. फोटो नाही. बॅटरी एका हातात, पिशवी दुसऱ्या हातात. बाई आज बहिणीकडे गेल्या आहेत, त्यामुळे मी किती वाजता आणि कुठल्या तोंडाने परत आले ते सांगायलाही कोणी नाही.

ताई

*

३० एप्रिल

प्रिय ताई,

तुझं पत्र काल सकाळी अकराला मिळालं. मुदत संध्याकाळी पाचला संपत होती.

चार वेळा वाचलं. मला शंका आल्या, त्या तुझ्यापासून लपवून मी तुझ्याशी पुन्हा नीट बोलू शकणार नाही, म्हणून लिहितो. अडतिसावाच दिवस का? फोटो का नाही? वर्षभर न दिसलेला साप मुदतीच्या दोन दिवस आधी सहा मिनिटं कसा दिसला? मानेवरच्या रेघा बरणीतल्या सापाला आहेत का म्हणून मी बरणी खाली काढली, खिडकीशी नेली, भिंग लावलं. रेघा नाहीत. म्हणजे त्या स्पिरिटने गेल्या असतील, किंवा कधी नव्हत्याच. तुझ्या बाजूने नाही आणि तुझ्या विरुद्धही नाही. गालाने पुसण्याबद्दल कुठल्या पुस्तकात काही आहे का ते शोधलं. नाही. आणि हात मागे घेतल्याचं तू लिहिलंस, तेव्हा मला आधी वाटलं की खोटं बोलणारं माणूस असं लिहिणार नाही, आणि लगेच वाटलं की हुशार असेल तर असंच लिहील. माझं डोकं असं चालतं. ते थांबवायला मला अडीच वाजले.

आवक वहीत शेवटून दुसरा रकाना ‘आधार’ असा आहे. नमुना, कात, छायाचित्र किंवा निरीक्षकाचा शब्द, यांपैकी जे असेल ते लिहायचं. शेवटचा पर्याय मी एकोणीस वर्षांत कधी वापरला नाही. कोणी तसं पाठवलं तर मी पुरावा मागवायचो आणि तोवर ओळ कोरी ठेवायचो. काल लिहिलं: सुतळ्या, जिवंत, एक. पूर्वीचाच की दुसरा, अनिश्चित. पकडण्याची संधी होती, निरीक्षकाने पकडला नाही. आधार: निरीक्षकाचा शब्द.

साहेबांपुढे वही ठेवली. तुझं पत्रही ठेवलं, सगळं, हात मागे घेतल्याच्या ओळीसकट.

‘हे तपासलंस?’ त्यांनी विचारलं.

‘हे तपासता येण्यासारखं नाही.’

‘मग? बहीण आहे म्हणून?’

‘बहीण आहे म्हणून बाकीचं सगळं दोनदा तपासलं होतं.’

‘आणि समितीने उद्या विचारलं, तुमचं स्वतःचं काय मत?’

शेरा लिहायची जागा रिकामी होती. मी आधी ‘सिद्ध’ लिहायला घेतलं, ‘सि’ झाला होता. तो खोडला. वहीत खाडाखोड केली की शेजारी सही करावी लागते, ती केली. मग लिहिलं, ‘मी मानतो’, आणि त्याच्याखाली दुसरी सही केली. साहेबांनी दोन्ही सह्या पाहिल्या आणि पावणेपाचला कागद समितीकडे गेला.

आज दुपारी उत्तर आलं. काम पावसाळ्याअखेरपर्यंत थांबवलं आहे. नव्या पाहणीला निरीक्षक दुसरा नेमणार आहेत, तुला नाही. तुझी खोली मे-अखेर सोडावी लागेल. हे तुला माझ्या पत्रातून कळावं म्हणून लगेच लिहिलं.

नव्या निरीक्षकाला कोणता दगड संध्याकाळी किती वेळ गरम राहतो ते कोणीतरी दाखवायला हवं. त्याचं काम सोमवारी सुरू होतं. मी रविवारी येतो. मला आधी तू दाखव.

तुझा,
भाऊ